न वाजलेलं संगीत



उधना-लिंबायतच्या गल्ल्यांत दिवसरात्र लूमचा खडखडाट चालू असतो. त्याची इतकी सवय झालेली असते, की तो कानावर पडतो पण ऐकू येत नाही. ऐकू येतं ते वीज गेल्यावर! लूमची सगळी खाती एकदम गप्प होतात आणि माणसं दारात येऊन उभी राहतात. थांबलेला आवाजही काहीतरी सांगतो, हे सुरतेतल्या आपल्या खानदेशी मंडळींना वेगळं समजवायला नको.

सिनेमाच्या संगीतात हेच मर्म ओळखलं पुण्याच्या प्रभात कंपनीनं. संगीतकार होते केशवराव भोळे. 'एकलव्य' या नावानं त्यांनी गायकांवर लिहिलं होतं, म्हणजे कान आधीच तयार झालेला. १९३६च्या 'संत तुकाराम'साठी शांताराम आठवल्यांनी एक अभंग नव्यानं लिहिला. केशवरावांची चाल आणि विष्णुपंत पागनीसांचा गळा त्याला असा काही लाभला, की लोकांना तो तुकोबांचाच वाटला.

पुढच्याच वर्षी आला प्रभातचाच, व्ही. शांताराम यांचा 'कुंकू'; संगीत पुन्हा केशवरावांचं. पोरक्या नीरेला फसवून म्हाताऱ्या बिजवर वकिलाच्या गळ्यात बांधतात. अशा ठिकाणी व्हायोलिनला रडायला लावणं किती सोपं होतं! पण या चित्रपटात पार्श्वसंगीतच नाही. आवाज आहेत ते घरातले आणि रस्त्यावरचे. गाणंसुद्धा कथेतल्याच कुणाच्या तरी तोंडून येतं. एक तर चक्क भिकारी गातो.

पार्श्वसंगीत गाळून काय साधलं? वाद्यं वाजू लागली की प्रेक्षकाला कळतं, आता इथं रडायचं. 'कुंकू'त अशी सूचना कुणी देत नाही. नीरा हे लग्न मानत नाही, ती दयाही मागत नाही. मग तिच्या वतीनं सारंगीनं तरी पदर का पसरावा? तिचा नकार तसाच, कोरडा आपल्यापुढे येतो आणि न्याय आपल्यालाच करावा लागतो.

चाल बांधणारे पुष्कळ असतात, श्रोतेहो. आपली वाद्यं कुठे खाली ठेवायची, हे कळायला मात्र गोष्ट कळावी लागते. केशवरावांना ती कळली होती.