जबाबात नसलेल्या पाटल्या



'लग्नानंतर काही दिवस चांगले नांदवले. नंतर माहेरहून पैसे आण म्हणून वेळोवेळी शिवीगाळ, मारहाण करून, उपाशीपोटी ठेवून शारीरिक व मानसिक छळ केला.' हुंडाबळीच्या खटल्यांत सरकार पक्षातर्फे काम करताना हे वाक्य मी कितीतरी जबाबांत वाचलं. गाव वेगळं, मुलगी वेगळी, वाक्य तेच.

एका आईची साक्ष मी विसरलेले नाही. मुलगी माहेरी शेवटची कधी आली, असं मी विचारलं. आई म्हणाली, "पंचमीला. हातात पाटल्या नव्हत्या. म्हणाली, सासूनं काढून घेतल्या. ट्रॅक्टरचे राहिलेले पैसे आणल्याशिवाय घालायला मिळायच्या नाहीत." पोळ्याच्या आदल्या दिवशी मुलीचा मृत्यू झाला होता. मग उलटतपास सुरू झाला. "हे पोलिसांना सांगितलं होतं?" "सांगितलं होतं." "मग जबाबात का नाही?" आई गप्प. शेवटी उत्तर लिहिलं गेलं : 'कारण सांगता येणार नाही.' पुढे तपास अधिकाऱ्यांनीही सांगितलं, की साक्षीदारानं तसं सांगितलं नव्हतं. पाटल्यांची गोष्ट मागाहून रचलेली ठरली.

पाटल्या किती मोलाच्या होत्या, ते कायद्यात दिसतं. भारतीय दंड संहितेत 498-अ हे छळाचं कलम 1983 साली आलं, 304-ब हे हुंडाबळीचं 1986 साली. 1 जुलै 2024 पासून तीच भारतीय न्याय संहितेत 85 आणि 80 या कलमांत आहेत. लग्नापासून 7 वर्षांच्या आत संशयास्पद मृत्यू आणि मृत्यूच्या थोडं आधी हुंड्यासाठी छळ, एवढं सिद्ध झालं तर हुंडाबळीचं गृहीतक न्यायालयाला धरावंच लागतं. 'मृत्यूच्या थोडं आधी' म्हणजे इथे पंचमी. जबाबात होतं 'वेळोवेळी'.

आई-बाप नात्यातले म्हणून त्यांची साक्ष कुचकामी, हा समज मात्र चुकीचा आहे. जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध्याला सहसा गोवणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 1953 मध्येच म्हटलंय. आणि चार भिंतींआडचं दुःख मुलगी आईला नाही तर कुणाला सांगणार?

पण दुसरी बाजूही मला तितक्याच कळकळीनं सांगायची आहे. 1982 साली पुण्यात एका नवविवाहितेचा विषानं मृत्यू झाला. तो खटला हुंड्याचा नव्हता. तिनं बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेली पत्रं आणि जवळच्या माणसांच्या साक्षी न्यायालयापुढे आल्या. 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं पतीला निर्दोष सोडलं. जिवलग माणसं जाणूनबुजून खोटं बोलतात असं नव्हे, पण मायेपोटी नकळत त्यांच्या सांगण्यात भर पडते, असं त्या निकालात म्हटलं आहे. हे मी कोर्टात पाहिलंय. दुःखाच्या भरात परगावी नांदणाऱ्या नणंदेचंही नाव फिर्यादीत घातलं जातं. ती त्या घरात राहतच नव्हती हे उलटतपासात निघतं, आणि आईच्या बाकीच्या खऱ्या शब्दांवरही सावली पडते. खोटं बाजूला काढून खरं ठेवायची मुभा आपल्या न्यायालयांना आहे, पण ते निवडायला आधी खरं कागदावर असावं लागतं.

मुलीचे अंत्यसंस्कार नुकतेच झालेले असतात, आई धड बोलू शकत नसते, आणि समोर हवालदार लिहीत असतात. अशा वेळी घरातल्या एखाद्या सावध माणसानं तिच्याजवळ बसावं. तारीख आठवत नसेल तर सण सांगा : पंचमी, पोळा, गौरी. कोण काय म्हणालं, ते त्याच शब्दांत सांगा. जे पाहिलं नाही ते सांगू नका. फिर्याद वाचून घेतल्याशिवाय सही करू नका, आणि तिची प्रत मोफत मिळते, ती मागा. पोलिसांपुढच्या जबाबावर साक्षीदाराची सही लागत नाही, पण तो वाचून दाखवायला सांगा. आणि कुणी म्हणालंच, की एवढं बारीकसारीक कशाला, तर पुन्हा सांगा : साहेब, पाटल्यांचं लिहा.