न्यायालयातील मध्यस्थी

आमच्या नेकनूरकडे नवराबायकोचे बिनसले की तंटा प्रथम वडीलधाऱ्यांपुढे येतो, आणि तेथे मुलीस बहुधा एकच उपदेश मिळतो : नांदावयास जा. म्हणूनच न्यायालयाने घटस्फोटाचे प्रकरण मध्यस्थाकडे पाठविले की तिचे आईबाप धास्तावतात. ही धास्ती अनाठायी होय.

मध्यस्थ हा पंच नव्हे. निवाडा देण्याचा त्यास अधिकारच नाही. तो दोघांचे एकत्र व वेगवेगळे ऐकून घेतो. तेथील बोलणे गुप्त राहते. तडजोड फिसकटल्यास ती फिसकटली, एवढेच न्यायाधीशांस कळते. शिवाय समेट म्हणजे पुन्हा एकत्र संसारच, असेही नाही. पोटगी, स्त्रीधन, मुलांचा ताबा ठरवून सन्मानाने विभक्त होणे हाही समेटच. १९७६ साली हिंदू विवाह कायद्यात परस्परसंमतीचा घटस्फोट आला, तेव्हापासून ही वाट मोकळी आहे.

येथे रखमाबाईंचे स्मरण होते. १८८७ साली मुंबईच्या उच्च न्यायालयाने त्यांस फर्माविले, पतिगृही जा, नाहीतर सहा महिने कैद. त्यांनी कैद पत्करण्याची तयारी दाखविली. तो तंटा अखेर मिटला १८८८ साली, निकालाने नव्हे, तर तडजोडीने. पतीने २,००० रुपये घेतले व हक्क सोडला. सुटकेची किंमत स्त्रीने मोजली! पुढे त्या विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या.

मात्र जेथे मारहाणीचे भय असेल तेथे मुलीने ते मध्यस्थास एकांती, पहिल्याच भेटीत सांगावे. तडजोडीचा कागद वकिलाकडून वाचवून घ्यावा. सहीची सक्ती कोणावरही नाही.