सायबर हल्ला म्हणजे काय?



आज आपण एका शब्दाविषयी बोलू. शब्द नवा आहे. पण आता तो चावडीवर, एसटीच्या थांब्यावर, दूध डेअरीच्या रांगेत, सगळीकडे ऐकू येतो. तो शब्द म्हणजे ‘सायबर हल्ला’.

मोबाइल बंद पडला, की लोक म्हणतात, सायबर हल्ला झाला. खात्यातले पैसे गेले, सायबर हल्ला झाला. पोराने फोनवरून कुणाला वेडेवाकडे लिहिले, तरी बाप सांगतो, “आमचा फोन हॅक झाला हो! सायबर हल्ला आहे.” ज्वारी, हरभरा, खडे, माती, सगळे आपण एकाच पोत्यात भरतो आहोत. नंतर निवडायला बसावे लागते, आणि तेव्हा फार उशीर झालेला असतो. कसा, ते मी पुढे सांगणार आहे.

आधी शब्द पाहू. ‘हल्ला’ आपल्याला ठाऊक आहे. ‘सायबर’ कुठून आला? फार जुन्या ग्रीक भाषेत नावेचे सुकाणू धरणाऱ्या माणसाला एक शब्द होता. आपल्या कोकणात मचव्यावर तांडेल असतो ना, तसा. १९४८ साली नॉर्बर्ट वीनर नावाच्या अमेरिकन गणितज्ञाने त्या शब्दावरून एका नव्या शास्त्राला ‘सायबरनेटिक्स’ असे नाव दिले. यंत्राला आणि प्राण्याला ताब्यात कसे ठेवतात, त्याचे ते शास्त्र. पुढे कथा-कादंबऱ्यांतून ‘सायबर’ एवढाच तुकडा उरला, आणि कॉम्प्युटर, मोबाइल, इंटरनेट यांच्याशी संबंध असलेल्या कशालाही तो चिकटू लागला. म्हणजे सायबर हल्ला हा कॉम्प्युटरच्या यंत्रणेवरचा हल्ला. सुकाणूच दुसऱ्याने पळवायचे, असे म्हणा हवे तर.

आता हे पाहा. पोलीस ठाण्यात आपण ‘वाईट झाले’ एवढेच सांगतो का? नाही. खिशातले पाकीट गेले तर ती चोरी. कुलूप तोडून घरात शिरले तर घरफोडी. पाच किंवा जास्त माणसांनी मिळून जबरीने लुटले तर कायद्याने तो दरोडा. आणि कुणी गोड बोलून, खोटे सोने दाखवून पैसे उकळले, तर ती फसवणूक. नुकसान सगळ्यांत होते. पण शब्द वेगळा, कलम वेगळे, तपास वेगळा.

तसेच इथे आहे. आपल्या देशात २००० साली माहिती तंत्रज्ञान कायदा झाला. त्यात एक गोष्ट पुन्हा पुन्हा येते. ती म्हणजे मालकाच्या परवानगीशिवाय. दुसऱ्याच्या कॉम्प्युटरमध्ये परवानगीशिवाय शिरणे, त्यातली माहिती नेणे, त्यात विषाणू सोडणे, तो बंद पाडणे, हे सारे त्यात येते. म्हणून मी असा अर्थ धरतो, की कुणीतरी मुद्दाम, परवानगीशिवाय, दुसऱ्याच्या यंत्रणेत घुसला किंवा ती मोडली, तरच तो सायबर हल्ला.

‘मुद्दाम’ हा शब्द सोडू नका. १९ जुलै २०२४ रोजी जगभर लाखो कॉम्प्युटर एकदम बंद पडले. विमाने अडकली. आपल्या देशातल्या विमानतळांवर प्रवाशांना हाताने लिहिलेले पास द्यावे लागले. लोक लगेच म्हणाले, सायबर हल्ला! पण तो हल्ला नव्हता. कॉम्प्युटरचे रक्षण करणाऱ्या एका कंपनीने नवी दुरुस्ती धाडली होती, आणि तिच्यातच दोष होता. राखणदाराच्या हातून फाटक मोडले, त्याला दरोडा म्हणायचे नाही. (हाताने पास लिहायची वेळ आली, तेव्हा लिहिता येणाऱ्याचेच काम पडले, हे मला ऐकून बरे वाटले.)

खरा हल्ला कसा असतो, हे पाहायला लांब जायला नको. पुण्याला कॉसमॉस नावाची सहकारी बँक आहे. १९०६ साली सुरू झालेली जुनी बँक. ११ ऑगस्ट २०१८, शनिवार. त्या दिवशी दुपारपासून रात्रीपर्यंत जगातल्या २८ देशांतल्या एटीएम यंत्रांतून माणसे पैसे काढत होती. त्यांच्या हातांत बनावट कार्डे होती. थोडे लोक आपल्या देशातही होते, कोल्हापुरातसुद्धा होते. काही तासांत सुमारे ८० कोटी रुपये गेले. सोमवारी, १३ तारखेला, आणखी जवळजवळ १४ कोटी रुपये हाँगकाँगच्या एका खात्यात वळवले गेले. एकूण ९४ कोटींच्या वर.

हे झाले कसे? नीट ऐका, कारण यातच शब्दाचा अर्थ आहे. तुम्ही एटीएममध्ये कार्ड घालता, तेव्हा यंत्र स्वतः पैसे देत नाही. ते आधी बँकेच्या कॉम्प्युटरला विचारते, “या माणसाला दोन हजार देऊ का?” बँकेकडून “दे” असे उत्तर आले, की नोटा बाहेर येतात. चोरांनी बँकेच्या यंत्रणेत आधीच विषाणू घुसवला होता. त्याच्या जोरावर त्यांनी विचारणा मधल्या मध्ये अडवली, आणि बँकेच्या जागी स्वतःच “दे, दे” अशी उत्तरे द्यायला सुरुवात केली. सोसायटीचा सचिव आत बसलेला आहे, पण खिडकीत भलताच माणूस उभा राहून पावत्यांवर शिक्के मारतो आहे, असा तो प्रकार. खातेदारांनी काही केले नव्हते. कुणी कुणाला गुप्त आकडा सांगितला नव्हता. बँकेनेही सांगितले, की पैसे बँकेचे गेले, खातेदारांचे नाहीत.

पुढे पोलिसांनी तपास केला. एटीएममधून पैसे काढणारे आपल्याकडचे लोक सापडले. २०२३ साली पुण्याच्या न्यायालयाने अकरा जणांना शिक्षा दिली. पण हे नोटा गोळा करणारे हमाल. विषाणू सोडणारे डोके परदेशात. संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञांनी २०१९ च्या अहवालात या चोरीचा संबंध उत्तर कोरियाशी जोडला. एका सहकारी बँकेवर दुसरा देश धाड घालतो, हे आपल्या आजोबांना सांगितले असते तर त्यांनी विश्वास ठेवला नसता. इथे ‘हल्ला’ हा शब्द मला अगदी योग्य वाटतो.

दुसरा प्रकार आहे खंडणीचा. खंडणी हा आपला जुना शब्द. विषाणू कॉम्प्युटरमध्ये शिरतो, सगळे दप्तर कुलपात घालतो, आणि पडद्यावर लिहून दाखवतो, की पैसे द्या, मग किल्ली देऊ. २७ जून २०१७ रोजी युक्रेन देशात असाच एक विषाणू सुटला. वरून खंडणीखोर, पण आतून निव्वळ नासधूस करणारा. पैसे भरून किल्ली मिळणारच नव्हती. तो युक्रेनपुरता राहिला नाही. मर्स्क नावाच्या मोठ्या जहाज कंपनीची जगभरची कामे त्याने थांबवली, आणि त्यात आपल्या उरणजवळच्या न्हावाशेवा बंदरातला एक धक्काही सापडला. ट्रकांच्या रांगा लागल्या. भांडण कुणाचे, आणि उन्हात उभा कोण? आपला ट्रकवाला. २०१८ साली ब्रिटन आणि अमेरिका यांनी याचा दोष रशियाच्या लष्करावर ठेवला. रशियाने तो नाकारला.

आणि जुलै २०२४ मध्ये तर लहान बँकांना तांत्रिक सेवा देणाऱ्या एका कंपनीवर खंडणीचा हल्ला झाला. त्यामुळे देशातल्या सुमारे तीनशे सहकारी आणि ग्रामीण बँकांचे मोबाइलवरचे आणि एटीएमचे व्यवहार तेवढ्यापुरते थांबवले होते. तेव्हा “हे सगळे मोठ्या शहरातले” असे म्हणायला आता जागा राहिली नाही.

आता आपल्या गावाकडे येऊ. मी दोन माणसांची गोष्ट सांगतो. नावे सांगत नाही.

एक बाई बचत गटाच्या अध्यक्ष. त्यांना फोन आला. “ताई, बँकेतून बोलतोय. तुमचे केवायसी राहिले आहे. खाते आज बंद होईल. मोबाइलवर आकडा आला असेल, तो सांगा.” बाईंनी सांगितला. खात्यातले अठरा हजार गेले. दुसरा एक शेतकरी. त्याला फोन नाही, आकडा नाही, काही नाही. त्याच्या आधारच्या अंगठ्यावर दुसऱ्याच गावातून कुणीतरी दहा हजार काढले. असे प्रकार आपल्या देशात उघडकीला आले आहेत, की कागदपत्रांवरचे ठसे उचलून रबरासारखा खोटा अंगठा बनवतात आणि तो यंत्रावर टेकवतात. अंगठा म्हणजे माझाच, ही आपली समजूत आता पुरी पडत नाही. आधार केंद्रात सांगून तो अंगठा बंद करून ठेवता येतो, हवा तेव्हा उघडता येतो. ती सोय करून घ्या.

दोघेही बँकेत गेले. दोघांच्याही अर्जात, कुणीतरी लिहून दिलेल्या, एकच वाक्य होते: ‘माझ्यावर सायबर हल्ला झाला आहे, तरी न्याय मिळावा.’ खिडकीतला कारकून म्हणाला, “आमच्या बँकेवर हल्लाबिल्ला काही झालेला नाही.” आणि अर्ज बाजूला ठेवला. एका अर्थी तो खोटे बोलला नाही. यंत्रणेवर हल्ला झालाच नव्हता. पण चार दिवस गेले ना!

ते चार दिवस का महत्त्वाचे? रिझर्व्ह बँकेने २०१७ साली याविषयी नियम केला. त्यात असे सांगितले, की खातेदाराच्या परवानगीशिवाय पैसे गेले, चूक त्याचीही नाही आणि बँकेचीही नाही, आणि बँकेकडून कळल्यापासून कामाच्या तीन दिवसांत त्याने बँकेला कळवले, तर त्याच्यावर काही भार नाही. खातेदाराने स्वतः आकडा सांगितला असेल, तर बँकेला कळवेपर्यंतचे नुकसान त्याचे. कळवल्यानंतर जे जाईल, ते बँकेचे. आणि चूक खातेदाराची आहे, हे शाबीत करायचे काम बँकेचे, असेही त्यात म्हटले आहे. असे नियम अधूनमधून सुधारतात, म्हणून बँकेत आजचा नियम विचारून घ्यावा.

पाहा आता. शेतकऱ्याचा अर्ज पहिल्या प्रकारचा. बाईंचा दुसऱ्या. दोघांनी ‘हल्ला’ लिहिले, म्हणून शेतकऱ्याचा भक्कम मुद्दा झाकला गेला, आणि बाईंची फसवणूकही नीट नोंदली गेली नाही. फसवणूक हाही गुन्हाच आहे, बरे का! दुसऱ्याचे नाव घेऊन कॉम्प्युटर किंवा मोबाइलवरून ठकवले, तर कायद्यात तीन वर्षांपर्यंत कैद आहे. “तुम्हीच आकडा सांगितलात, आता रडता कशाला?” असे कुणी म्हणाले, तर गप्प बसू नका. दार उघडणाऱ्याला गुन्हेगार म्हणत नाहीत, आत येऊन लुटणाऱ्याला म्हणतात. पण दार उघडले होते हे लपवूही नका. तपासात ते निघतेच, आणि मग खरे बोललेलेही खोटे ठरते.

पैसे गेले, की सगळ्यांत आधी १९३० या आकड्यावर फोन करा. तो सरकारचा आहे. पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात पळत असतात. लवकर कळवले, तर वाटेत अडवता येतात. फोन झाला की लगेच बँक आणि पोलीस ठाणे.

आता अर्ज. फळ्यावर लिहितो. वहीत उतरवून घ्या.

‘मा. शाखाधिकारी यांस, माझे खाते क्रमांक ……. दिनांक …… रोजी …… वाजता माझ्या खात्यातून रुपये …… गेले. हा व्यवहार मी केलेला नाही. मला हे …… रोजी …… वाजता कळले. मी १९३० वर …… वाजता तक्रार केली, तक्रार क्रमांक ……. माझे खाते तूर्त थांबवावे व रक्कम परत मिळावी.’

मधे एक ओळ मोकळी सोडली आहे. शेतकऱ्याने तिथे लिहायचे, ‘मी आकडा, कार्ड वा अंगठा कुणालाही दिलेला नाही.’ बाईंनी लिहायचे, ‘बँकेचे नाव सांगून मला फोन आला व माझ्याकडून आकडा काढून घेतला. फोन क्रमांक …….’

‘हल्ला’ हा शब्द अर्जात कुठेच नाही, हे तुमच्या ध्यानात आले असेल. वेळ मात्र घड्याळाप्रमाणे लिहा, ‘सकाळी’ किंवा ‘जेवणवेळी’ असे नको. अर्जाच्या दोन प्रती करा. खाली सही करा. एक प्रत बँकेत द्या, आणि दुसरीवर बँकेचा शिक्का, तारीख आणि घेणाऱ्याची सही घेऊन ती घरी आणा.