इंधनाची किल्ली कोणाच्या हाती?



आपल्या महाराष्ट्रातील तारापूरचे अणुवीज केंद्र १९६९ साली सुरू झाले. १९६३ च्या करारानुसार त्याचे समृद्ध युरेनियम अमेरिका देणार होती. १९७४ साली पोखरणला अणुचाचणी झाली. १९७८ साली अमेरिकेने कायदा कडक केला आणि पुरवठा अडला. पुढे १९८२ च्या समझोत्यानुसार फ्रान्सने इंधन दिले.

अमेरिकेची भीती अगदीच खोटी होती काय? नाही. नैसर्गिक युरेनियममधील उपयुक्त अंश शेकडा एकाहूनही कमी असतो. तारापूरसाठी तो तीन टक्क्यांच्या आत वाढवला की पुरतो. बॉम्बसाठी नव्वदच्या घरात न्यावा लागतो. वाट मात्र एकच. म्हणून अशा कारखान्यांवर जगाची देखरेख हवीच.

पण गावच्या कोठाराची किल्ली एकट्या सावकाराकडे असावी काय? ती पंचांकडे हवी, आणि पंचांचा नियम सावकारालाही लागू हवा. आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने कझाकस्तानात इंधनपेढी उभारली. २०१९ साली तेथे इंधन पोहोचले. पुरवठा अडलेल्या देशासाठी ती आहे. पाऊल लहान, पण दिशा योग्य.

लोणी भापकरच्या माझ्या विद्यार्थ्यांनो, विज्ञान शिका. त्याबरोबर न्यायही शिका. न्यायाविना पहारा टिकत नाही.