भाराभर चिंध्या



माणसाने एकच धंदा धरावा व त्यातच हाडे झिजवावीत, असे आपल्या घराघरांतून मुलांस बजावले जाते. जो चार ठिकाणी हात घालतो त्याच्या माथी ‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ ही म्हण मारून आपण मोकळे होतो. आम्हीही ती अनेकांच्या माथी मारली आहे, हे प्रारंभीच कबूल करतो. परंतु सई परांजपे यांची कारकीर्द न्याहाळल्यापासून ती म्हण उच्चारताना आमची जीभ अडखळू लागली आहे.

सईबाईंचा जन्म १९३८ साली लखनौस झाला. आजोबा रँग्लर परांजपे, आई शकुंतलाबाई, वडील रशियन चित्रकार. बालपणाचा काही काळ ऑस्ट्रेलियात गेला. अशा घरातील मूल मराठीस पारखे होण्यास वेळ लागत नाही, हे आपणांस आम्ही सांगावयास नको. येथे उलटे घडले. वयाच्या आठव्या वर्षी त्यांचे परीकथांचे पुस्तक निघाले ते मराठीत. पुढे पुण्याचे आकाशवाणी केंद्र, १९६३ साली राष्ट्रीय नाट्य विद्यालयाची पदवी, आणि मग दिल्लीची दूरचित्रवाणी.

या दूरचित्रवाणीची थोरवी आपल्या शिष्ट समाजास कधीच पटली नाही. नाटककारास मान, कादंबरीकारास मान. पण दूरचित्रवाणीचा निर्माता म्हणजे सरकारी नोकर! पैसा तुटपुंजा, वेळ मोजकी, आणि आज रात्री दाखविलेले उद्या हवेत विरलेले. सईबाई तेथे निर्मात्या होत्या, दिग्दर्शिका होत्या, लेखिकाही होत्या. थोडक्यात सांगण्याची व साध्या माणसात रस घेण्याची त्यांची सवय याच भट्टीत पक्की झाली, असे आमचे मत आहे. ‘द लिटल टी शॉप’ या त्यांच्या दूरचित्रवाणीपटास १९७२ साली तेहरान येथे आशियाई प्रसारण संघाचे पारितोषिक मिळाले. विषय काय, तर चहाचे दुकान! ‘चश्मेबद्दूर’ (१९८१) या गाजलेल्या विनोदी चित्रपटाचे बीजही दूरचित्रवाणीसाठी केलेल्या त्यांच्याच कथेत होते.

‘स्पर्श’विषयी मात्र थोडे थांबून बोलले पाहिजे. अंधशाळेचा आंधळा मुख्याध्यापक व एक विधवा स्त्री यांची ही कथा. त्या शाळेतील मुलांच्या भूमिका खऱ्या अंध मुलांनी केल्या. दुसऱ्या कोणी येथे अश्रूंचा पूर आणला असता. सईबाईंचा नायक दयेची भीकच झिडकारतो. इतकी, की प्रेमातही त्याला त्यागाचा वास येतो व जुळलेले लग्न तो मोडतो. त्याचा हा ताठा योग्य की अयोग्य, हे बाई प्रेक्षकास सांगत नाहीत. या चित्रपटाने त्यांस पटकथेचे राष्ट्रीय पारितोषिक मिळवून दिले.

‘कथा’ (१९८३) हा शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावरून केलेला. भाषा हिंदी झाली, पण चाळ मुंबईचीच राहिली. शेजाऱ्याचे वेड तर बाईंना मोठेच! मराठी रंगभूमीवर ‘सख्खे शेजारी’, आणि १९८४ साली दूरदर्शनवर मालिका आणली ती ‘अडोस पडोस’. याशिवाय ‘जास्वंदी’सारखे गंभीर नाटक, बालचित्रपट, अनुबोधपट, बालचित्रपट संस्थेचे दोनदा अध्यक्षपद, ‘सय’ हे आत्मकथन. सारेच तुकडे सारख्या पोताचे आहेत असे नव्हे. ‘साज’ आम्हांस ‘स्पर्श’च्या तोडीचा वाटला नाही.

गंमत अशी की, २०२० साली आपल्या इंग्रजी आत्मकथनास बाईंनी स्वतःच नाव दिले, ‘अ पॅचवर्क क्विल्ट’. म्हणजे आपली गोधडीच की! चिंध्यांचा आरोप त्यांनी असा हसत पांघरला. आणि याच बाईंच्या ‘दिशा’ (१९९०) या चित्रपटात गावकरी गिरण्यांच्या मुंबईची वाट धरतात, तेव्हा ओम पुरी यांचा परसराम मात्र गावातच एक विहीर वर्षानुवर्षे खणीत राहतो. लोक त्याला वेडा म्हणतात. अखेर पाणी लागते. एकच विहीर खणणाऱ्याची एवढी कदर, चार गावचे पाणी चाखलेल्या बाईने केली आहे.