हौस आणि काम

(वेंगुर्ले येथील महिला मेळाव्यात केलेल्या भाषणावरून)



मला ‘चित्रकला आणि स्त्रिया’ हा विषय दिला आहे. मी शाळेत चित्रकला शिकवते, त्यामुळे मी रंग, रेषा यांवर बोलेन असं तुम्हाला वाटलं असेल. पण मी आज सिनेमातल्या चित्रकारांबद्दल बोलणार आहे. तिथे चित्रकार काय करतो आणि बायका कुठे होत्या, हे आपल्या उपयोगाचं आहे.

चतुर्थीला आपल्याकडे गणपतीच्या मागची भिंत रंगवतात. गणपती मातीचा, मागचे डोंगर रंगाचे, पण दारातून पाहणाऱ्याला दोन्ही मिळून एकच देखावा दिसतो. सिनेमात हेच काचेवर करत. सेटवर किल्ल्याचा फक्त दरवाजा बांधायचा. कॅमेऱ्यापुढे मोठी काच उभी करायची. दरवाजा दिसतो तेवढी काच कोरी ठेवायची आणि वरचे बुरूज, डोंगर, आभाळ काचेवर रंगवायचं. कॅमेऱ्यातून पाहिलं की अख्खा किल्ला उभा! याला मॅट पेंटिंग म्हणतात. १९४७ साली ‘ब्लॅक नार्सिसस’ नावाचा इंग्रजी चित्रपट आला. गोष्ट हिमालयातल्या जोगिणींच्या मठाची, पण चित्रीकरण सगळं इंग्लंडात झालं. पर्सी डे या चित्रकाराच्या हाताखाली दऱ्या आणि हिमशिखरं रंगवली गेली. लोकांना तो खराच हिमालय वाटला. आता हे काम संगणकावर होतं, पण गंमत तीच आहे. काम जितकं उत्तम, तितकं ते कोणाला दिसत नाही. चुकलं तरच दिसतं.

तुम्ही हसलात. का हसलात ते मला कळलं. भाकरी करपली तरच ती कोणी केली याची चौकशी होते.

आपल्या मराठी सिनेमाची सुरुवातही रंगवलेल्या पडद्यांतूनच झाली. कोल्हापूरचे बाबूराव मेस्त्री आणि त्यांचे बंधू आनंदराव नाटकांचे पडदे रंगवत. त्यांच्या पडद्यांची एवढी कीर्ती झाली की मेस्त्री हे आडनाव मागे पडून ‘पेंटर’ हेच नाव झालं. १९१६ साली आनंदराव वारले. त्यानंतर बाबूरावांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली आणि १९२० साली ‘सैरंध्री’ आला. नुसत्या सपाट पडद्यांवर न थांबता त्यांनी खरे वाटतील असे सेट उभारले. आपल्या चित्रपटांची जाहिरातचित्रंही ते स्वतः रंगवत. फार मोठा माणूस, यात शंका नाही.

पण या गोष्टीत बायका कुठे आहेत? आहेत, नीट पाहायला हवं. कंपनीसाठी पैसा हवा होता, तो तानीबाई कागलकर या गायिकेने दिला. ‘सैरंध्री’त बायकांच्या भूमिका बायकांनीच केल्या. त्या काळात हे धाडसच होतं. आपल्या दशावतारात परंपरेने राणीपासून दासीपर्यंत सगळी सोंगं पुरुषच घेत आले. ‘सैरंध्री’त काम केलं गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी. पडद्यावर त्यांची नावं झाली कमलादेवी आणि सुशीलादेवी. त्यांच्या लोकांनी त्यांना वाळीत टाकलं आणि त्यांना स्टुडिओतच राहावं लागलं. म्हणजे पैसा बाईचा, चेहरा बाईचा, बदनामीही बाईच्याच वाट्याला. ब्रश मात्र बाईच्या हातात नव्हता.

तो ब्रश हातात घेणारी मुलगी त्याच कोल्हापुरात १९२९ साली जन्मली. भानुमती राजोपाध्ये, पुढच्या भानू अथय्या. वडील अण्णासाहेब चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या चित्रपटांशी संबंध असलेले. भानू नऊ वर्षांची असताना ते गेले. पण तिचं चित्र काढणं थांबलं नाही. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये ती शिकली. १९५१ साली तिला तिथलं उषा देशमुख सुवर्णपदक मिळालं. १९५३ साली प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या मुंबईतल्या प्रदर्शनात तिची चित्रं लागली. पुरुषांच्या त्या गटात ती एकटी बाई होती.

याच सुमारास ती बायकांच्या मासिकांसाठी कपड्यांची रेखाटनं करू लागली, आणि तिथून सिनेमाची वेशभूषा हे तिचं काम झालं. १९५६ साली ‘सी.आय.डी.’ आला, मग ‘प्यासा’, ‘साहिब बीबी और गुलाम’ आणि पुढे शंभराहून अधिक चित्रपट. ‘आम्रपाली’साठी अजिंठ्याची भित्तिचित्रं अभ्यासून तिने पोशाख केले. सुवर्णपदक मिळवलेल्या चित्रकाराने कपडे करत बसावं, याला कोणी खालचं काम म्हणेल. कापड आणि सुई म्हटलं की ती बायकांची हौस असं आपण धरूनच चालतो. भानूताईंनी चित्रकाराची नजर कापडावर आणली आणि ते काम धंदा म्हणून केलं. ‘गांधी’ चित्रपटात बॅरिस्टरच्या सुटापासून पंचापर्यंतचा प्रवास कपड्यांतून दिसतो, पण पाहताना आपल्याला कपडे दिसत नाहीत, माणूस दिसतो. त्या कामासाठी १९८३ साली त्यांना जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळालं. ऑस्कर मिळवणारी पहिली भारतीय व्यक्ती म्हणजे ही कोल्हापूरची बाई.

आणखी एक गोष्ट सांगते. २०१२ साली त्यांनी ते ऑस्कर अमेरिकेतल्या अकादमीकडे परत दिलं. आपल्यामागे ते नीट जपलं जावं म्हणून. २०२० साली त्या गेल्या. एवढ्या मोठ्या कामाची खूण जपायला सातासमुद्रापार पाठवावी लागते, हे मला फार लागलं.

आता आपल्याकडे येऊ. काही वर्षांपूर्वी एका मंडळाच्या नाटकाचा पडदा मी रंगवला. शाळा सुटल्यावर अकरा संध्याकाळी ते काम चाललं होतं. प्रकाशयोजनेचे पैसे दिले, पेटीवाल्याचे दिले. माझ्याबद्दल एक जण म्हणाला, “बाईंका हौस आसा, पैशे कित्याक व्हये?” हस्तपत्रिकेत नेपथ्यापुढे नाव दुसऱ्याचंच होतं.

हा ‘हौस’ शब्द फार गोड आहे, म्हणूनच तो महाग पडतो. हौस म्हटली की मजुरी नको, नाव नको, वेळेचा हिशेब नको. आपल्या काजू कारखान्यात गर अख्खा काढायचा तर हाताला किती अंदाज लागतो! तुकडा झाला की भाव पडतो. त्याला कोणी कसब म्हणत नाही. बायकांचे हात नाजूक, म्हणून जमतं, एवढ्यावर ते उडवून लावतात. काथ्या वळणं, गोधडी शिवणं, रुखवताची चित्रं, सगळ्याचं हेच. पण तीच गोष्ट पुरुषाने दुकान थाटून केली की कला होते.

हौस वाईट नाही. मीही हौसेनेच रंगवते. भानूताईंनाही ती असणारच. पण हौस माझी आहे, म्हणून काम फुकट नाही.

तेव्हा मी तीनच गोष्टी सुचवते. केलेल्या कामावर आपलं नाव घाला, कोपऱ्यात का होईना. काम घेताना किती दिवस, किती पैसे हे आधी ठरवा आणि कागदावर घ्या. आणि कामाचा फोटो काढून ठेवा. कोणी जपेल म्हणून वाट पाहू नका.

दाराशी एक वही ठेवली आहे. जाताना त्यात आपलं नाव लिहा आणि पुढे आपल्याला येणारं काम लिहा. ‘काही नाही, घरीच असते’ असं कृपा करून लिहू नका. जिला लिहिता येत नाही तिने शेजारणीला सांगा, ती लिहील. नाव मात्र पूर्ण सांगा.