पाणी पडण्याआधी विरघळणारा स्फटिक

काळाशी खेळणाऱ्या जादूच्या खड्यांना कथा-सिनेमांत तोटा नाही. कुणी तो मुठीत धरून काळ थांबवतो, कुणी उलटा फिरवतो. तो खडा हे कसे करतो, असे आपण विचारत नाही, कारण लेखकालाही ते सांगायचे नसते. या गर्दीत एक स्फटिक मात्र निराळा आहे. आयझॅक असिमॉव्ह यांचा थायोटिमोलिन. मार्च १९४८ मध्ये 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन' या अमेरिकन मासिकात तो अवतरला, आणि तोही कथेतून नव्हे, चक्क शोधनिबंधातून. असिमॉव्ह तेव्हा कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्राच्या डॉक्टरेटचे काम करत होते. कॅटेकॉल नावाच्या पदार्थाचे हलके स्फटिक पाण्याला टेकताक्षणी नाहीसे होत. ते पाहून त्यांच्या मनात आले, की हे पाण्याला टेकण्याआधीच विरघळू लागले तर? शिवाय प्रबंधाची ती कोरडी, 'असे आढळून आले' छापाची भाषा त्यांना हाताखालून घालायचीच होती. मग तक्ते, आलेख, संदर्भसूची असा सगळा सरंजाम असलेला एक निबंध त्यांनी रचला. त्यातले अक्षर न् अक्षर कल्पित होते.

माझे म्हणणे असे, की हा स्फटिक खरा वाटतो तो त्याच्या चमत्कारामुळे नव्हे, त्याच्या मोजमापामुळे. आणि आपण सावध राहायचे ते नेमके याच ठिकाणी. थायोटिमोलिन पाणी पडण्यापूर्वी विरघळतो एवढेच असिमॉव्ह सांगत नाहीत, तो १.१२ सेकंद आधी विरघळतो, असे सांगतात. कार्बनच्या अणूला चार बंध असतात हे आपण शाळेत शिकलो. थायोटिमोलिनच्या रेणूत त्यांपैकी दोन वर्तमानात, एक भूतकाळात आणि एक भविष्यकाळात, अशी त्यांची उपपत्ती. प्रयोग करणाऱ्याचे मन जरा डळमळले, पाणी घालू की नको असे झाले, तर विरघळण्याचा हा आगाऊ वेळ घटतो. आणि स्फटिक विरघळल्यावर पाणी घातलेच नाही तर? हा नाठाळ प्रश्न त्यांनी टाळला नाही. स्फटिकाला फसवू पाहणाऱ्यांकडे पाणी कुठून तरी येऊन पोचतेच, वेळ पडली तर पुराच्या रूपाने, असे त्यांनी पुढच्या एका लेखात दाखवले. एकदा गृहीतक मान्य केले, की बाकीचे सगळे शिस्तीत मागोमाग येते. मुळातले गृहीतक मात्र कुणीच तपासलेले नसते.

आता कुणी म्हणेल, थट्टेच्या लेखाचे एवढे काय मनावर घ्यायचे? घ्यायचे अशासाठी, की त्या संदर्भसूचीतली नियतकालिके शोधत काही वाचक न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात जाऊन पोचले, अशी हकिगत असिमॉव्ह यांनीच पुढे सांगितली. दशांश चिन्ह आणि तळटीप दिसली की आपली शंका ढिली पडते, याचा यापेक्षा निरुपद्रवी पुरावा मिळणे अवघड. दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे: अशाने विज्ञानाचीच विश्वासार्हता जात नाही का? परीक्षक नाराज होतील या धास्तीने असिमॉव्ह यांना टोपणनाव हवे होते. लेख छापला गेला तो त्यांच्याच नावाने. तोंडी परीक्षेच्या शेवटी एका परीक्षकाने गंभीर चेहऱ्याने थायोटिमोलिनबद्दलच प्रश्न टाकला, आणि आपण उत्तीर्ण झालो हे उमेदवाराने ओळखले. ज्यांचा पेहराव उसना घेतला होता, तेच हसले. (आपल्याकडे जयंत नारळीकरांनी मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला 'कृष्णविवर' पाठवली तीही नारायण विनायक जगताप या नावाने. त्यांचे कारण उलटे होते: नावाच्या वजनाने परीक्षक झुकू नयेत.)

तिसरा आक्षेप हल्ली हमखास निघतो: कालस्फटिक तर प्रयोगशाळेत तयारही झाला, मग कालची कल्पना आजचे विज्ञान झालीच ना? नाही. नोबेलविजेते फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये ही कल्पना मांडली, ती अशी: साध्या स्फटिकात अणूंची रचना जागेत ठरावीक अंतराने पुन्हा येते, तशी ती काळात का येऊ नये? लगेच इतर भौतिकशास्त्रज्ञ तुटून पडले. स्थिर समतोलातल्या वस्तूत असे होऊच शकत नाही, हे २०१५ पर्यंत गणिताने दाखवून झाले. कल्पना तगली ती मुरड घालून. २०१७ मध्ये मेरीलँडच्या गटाने यटर्बियमच्या आयनांत आणि हार्वर्डच्या गटाने हिऱ्यातल्या सूक्ष्म दोषांत तिचा बदललेला अवतार दाखवला. ठरावीक वेळाने ठोके देत राहिले, तर ही प्रणाली दर ठोक्याला मूळ स्थितीत येत नाही, दोन किंवा अधिक ठोक्यांनी येते, आणि ठोके थोडे चुकले तरी आपली लय सोडत नाही. यात काळ मागे जात नाही, थांबतही नाही. थायोटिमोलिनला अशी परीक्षा सोसावीच लागली नाही, कारण त्याला खोडायला कुणी गेलेच नाही.

म्हणून 'ऊर्जा', 'कंपने', 'क्वांटम' अशी भारदस्त लेबले लावलेला एखादा खडा आयुष्याचा काळ बदलून देतो म्हणून कुणी विकायला आला, तर त्याच्याकडचे आकडे पाहू नका. हे खोटे ठरवायचा प्रयत्न कुणी केला आणि त्यातून काय निघाले, एवढेच विचारा. उत्तर मिळाले नाही, तर पाकीट खिशातच राहू द्या.